नाशिकच्या हवेत स्ट्रिंग ऑफ हार्ट्स: कुंडी भरण्यापासून वेल दाट करण्यापर्यंत

स्ट्रिंग ऑफ हार्ट्स या बदामी आकाराच्या पानांच्या लोंबत्या वेलीची कुंडी नाशिकमध्ये हातची जाते ती बहुतेक आषाढ-श्रावणात, आणि खापर फुटतं पावसावर. खरं म्हणजे ही वेल मूळची जिथली आहे तिथेही पाऊस उन्हाळ्यातच पडतो. जॉन मेडली वुड या वनस्पतिशास्त्रज्ञाला १८८१ मध्ये दक्षिण आफ्रिकेतल्या नाताळ भागात एका डोंगरावर ती खडकांवरून खाली लोंबताना सापडली. १८९४ मध्ये तिला त्याच्याच नावावरून सेरोपेजिया वुडिआय असं शास्त्रीय नाव मिळालं. तिथे ती खडकाच्या फटीत, झुडपांच्या विरळ सावलीत, मूठभर कुजक्या पाल्याच्या मातीत वाढते. पाऊस कितीही कोसळला तरी त्या फटीत पाणी थांबत नाही. आपण तिला कोकोपीटने, म्हणजे नारळाच्या काथ्याच्या भुशाने, गच्च भरलेल्या कुंडीत लावतो, पंधरा-पंधरा दिवस ऊन न दिसणाऱ्या ढगाळ दिवसांत ठेवतो आणि वर रोज चमचाभर पाणी घालतो. ती सडते ती मुळांशी साचलेल्या ओलीने.

तेव्हा या लेखात मी सगळा जोर दोनच गोष्टींवर देणार आहे: पाणी मातीत किती वेळ थांबतं, आणि कुंडीच्या माथ्यावर उजेड किती पडतो. बाकीचं सगळं या दोन्हींच्या मागून येतं.

आणताना

गंगापूर रोडच्या किंवा मखमलाबादकडच्या नर्सरीत गेलात की लांब लडींना भुलू नका. लडी हाताने बाजूला सारून कुंडीचा माथा बघा. मातीच्या वर पानांची गर्दी हवी आणि वेलीचे कंद मातीतून थोडे डोकावत असावेत. फिकट तपकिरी, बटाट्यासारखे दिसणारे हे कंद बोटाने दाबले तर घट्ट लागले पाहिजेत. मऊ लागला तर ते रोप तिथेच ठेवा. नंतर पानाच्या देठाशी, जिथे दोन पानं समोरासमोर फुटतात त्या पेरावर, पांढरा कापसासारखा ठिपका आहे का ते पाहा. असला तर मिलीबग आहे, आणि तो घरातल्या बाकीच्या झाडांवर जाणारच.

आणायची उत्तम वेळ फेब्रुवारी-मार्च किंवा दसऱ्याच्या आगेमागे. जुलै-ऑगस्टमध्ये नर्सरीतलं रोप हिरवंगार दिसतं, पण शेडनेटखाली सतत ओलं राहिलेलं असतं. त्याला घरी आणून कुंडी बदलायची म्हणजे दुहेरी ताण.

गाडीवरून आणताना लडी सुटू देऊ नका. निघण्यापूर्वीच सगळ्या लडी उचलून कुंडीच्या माथ्यावर वेटोळ्यासारख्या ठेवा आणि वर्तमानपत्राचा कागद गुंडाळा. वाऱ्यात एकदा गुंता झाला की तो सोडवताना पाव वेल तुटते.

माती

आपली काळी माती या वेलीला अजिबात चालत नाही. बेसॉल्ट झिजून झालेली ती चिकण माती पाणी धरून ठेवते, वाळली की भेगाळते आणि त्या भेगांत कोवळी मुळं तुटतात. नर्सरीतली लाल मातीही कुंडीत वर्षभरात दगडासारखी बसते.

मी वापरते ते मिश्रण असं: दोन भाग कच, एक भाग कोकोपीट, एक भाग गांडूळखत, आणि पाच इंची कुंडीला एक चहाचा चमचा निंबोळी पेंड. कच म्हणजे बांधकामाला खडीबरोबर मिळते ती दगडाची बारीक चुरी. कुठेही घर बांधायचं काम चालू असेल तिथे मुकादमाला विचारलं तर घमेलंभर सहज मिळते. ती तशीच वापरायची नाही. पिठाच्या चाळणीने चाळून बारीक भुकटी काढून टाका, कारण तीच भुकटी सिमेंटसारखी बसते. उरलेले गव्हाच्या किंवा तुरीच्या दाण्याएवढे खडे बादलीत घालून पाणी स्वच्छ येईपर्यंत धुवा. कोकोपीटही एकदा भिजवून, पिळून, ते पाणी फेकून घ्या, त्यात क्षार असतात.

कुंडी टांगायची असेल तर अर्धी कच कमी करून तिथे परलाइट, म्हणजे नर्सरीत मिळणारे हलके पांढरे खडे, घाला. कच जड असते, पाणी घातलेली कुंडी हुकाला आणि छताच्या प्लगला चांगलीच ओढते. मे अखेरीस वळवाच्या पावसाआधी जे वारं सुटतं त्यात अशी कुंडी ग्रिलवर आपटते.

मिश्रण तयार झालं की पारख करा. कुंडी भरून वर पेलाभर पाणी ओता. दहा सेकंदांच्या आत खालून धार लागली पाहिजे. पाणी वर तळं करून उभं राहिलं तर अजून कच लागेल.

कुंडी आणि लावणी

कुंडी पसरट आणि उथळ हवी. मुळं फार खोल जात नाहीत, त्यामुळे खोल कुंडीत खालची माती ओलीच राहते. चार-पाच इंच रुंदी पहिल्या दोन वर्षांना पुरते. मातीच्या आणि प्लास्टिकच्या कुंडीत मी असं बघते: बाल्कनी उघडी, वारा खेळता असेल तर प्लास्टिक, कारण एप्रिल-मेमध्ये मातीची कुंडी दोन दिवसांत कोरडी पडते. खोलीच्या आत ठेवणार असाल तर मातीची. छिद्र नसलेलं चिनी मातीचं भांडं कितीही सुंदर असलं तरी फक्त वरचं आवरण म्हणून वापरा.

लावताना नर्सरीची कुंडी आधी तीन-चार दिवस कोरडी होऊ द्या. मग लडी एका बाजूला कागदावर पसरून कुंडी आडवी करा, बाजूने दाबा आणि गड्डा सोडवा. मुळांभोवती दाबून बसवलेलं कोकोपीट बोटांनी हलकेच पाडा. सगळं धुऊन काढायची गरज नाही. मध्यभागी जाळीची टोपी किंवा स्पंज आढळला तर तो मात्र काढाच, ती ओल धरणारी गाठ असते. नव्या कुंडीत कंद अर्धा मातीत, अर्धा वर राहील असं बसवा आणि बाजूने मिश्रण सोडत जा, दाबू नका. कंद पूर्ण पुरला की त्याच्या मानेशी पाणी बसतं आणि सड तिथूनच सुरू होते. लावल्यावर लगेच पाणी घालायची सवय इथे मोडावी लागते. तीन-चार दिवस तुटलेली मुळं सुकू द्या, मग पहिलं पाणी.

उजेड

बहुतेक घरांत ही कुंडी छताला टांगलेली असते. लडी खिडकीसमोर येतात, पण कुंडीचा माथा मात्र खिडकीच्या चौकटीच्या वर, अंधारात जातो. काही महिन्यांत माथा टकला पडतो आणि खाली चार केविलवाण्या दोऱ्या उरतात. नवे फुटवे माथ्यावरच्या कंदातून येतात, त्यामुळे उजेड माथ्याला हवा. मातीची पातळी खिडकीच्या काचेच्या मध्याशी येईल इतकी दोरी लांब ठेवा, किंवा सरळ खिडकीच्या कठड्यावर ठेवा.

उजेड पुरतोय का हे वेल स्वतः सांगते. दोन पानांच्या जोड्यांमधलं अंतर बघा. बोटाच्या एका पेराएवढं असेल तर उत्तम. चार-चार बोटं अंतर पडून पानं बारीक आणि फिकट येत असतील तर ती उजेड शोधत पळते आहे. पानांवरची चंदेरी नक्षी गडद आणि पाठ जांभळी असेल तर जागा बरोबर आहे.

पूर्वेची खिडकी नाशिकमध्ये वर्षभर चालते, सकाळी साडेनऊ-दहापर्यंतचं ऊन तिला मानवतं. दक्षिणेच्या खिडकीबाबत थोडं समजून घ्यायला हवं. आपण साधारण २० उत्तर अक्षांशावर आहोत. मेच्या तिसऱ्या आठवड्यापासून जुलैच्या तिसऱ्या आठवड्यापर्यंत दुपारचा सूर्य आपल्या डोक्यावर किंवा किंचित उत्तरेकडे असतो, त्यामुळे दक्षिणेच्या खिडकीत थेट ऊन जवळजवळ येत नाही. डिसेंबरमध्ये तोच सूर्य दुपारीही दक्षिणेला खाली झुकलेला असतो आणि ऊन खोलीत आतपर्यंत येतं. म्हणून हिवाळ्यात दक्षिणेची खिडकी सर्वांत चांगली, आणि पावसाळ्यात तीच सर्वांत अंधारी. जूनमध्ये कुंडी तिथून काढून पूर्वेला न्या. पश्चिमेची खिडकी मार्च ते मे टाळा किंवा पडदा लावा, तिथे पानं तांबूस पडून कडा वाळतात, आणि लोखंडी ग्रिल तापली तर तिला टेकलेली लड शेकून निघते.

पाणी

वारावर पाणी घालू नका, पान बघून घाला. माथ्याजवळचं एक जून पान अंगठा आणि तर्जनीत धरा आणि हलकेच दुमडून बघा. ताठ राहिलं तर कंदात आणि पानात पाणी आहे, आज काही नको. पोळीच्या घडीसारखं सहज दुमडलं, तर आता तहान लागली आहे. टोकाकडची कोवळी पानं तपासू नका, ती नेहमीच मऊ असतात.

पाणी घालायचं तेव्हा मात्र कंजुषी नको. सगळी माती भिजून खालून भरपूर निघेपर्यंत घाला, दहा मिनिटांनी पुन्हा एकदा घाला, आणि थाळीतलं साचलेलं ओतून द्या. रोजच्या चमचाभर पाण्याने वरचा थर ओला राहतो, कंद सडतो आणि तळाची मुळं तहानेने मरतात. महापालिकेचं पाणी चालतं. बोअरचं पाणी असेल तर मातीवर आणि कुंडीच्या कडेला पांढरा थर धरतो, तेव्हा महिन्यातून एकदा पावसाचं किंवा नळाचं पाणी कुंडीच्या तिप्पट ओतून क्षार वाहून जाऊ द्या. आरओ मशीनमधून बाहेर टाकलेलं पाणी कधीच नको.

नाशिकचं वर्ष

फेब्रुवारीच्या मध्यापासून वेल जागी होते. लडींच्या टोकाला बारीक जांभळट पानांच्या जोड्या दिसू लागल्या की पाणी आठ-दहा दिवसांवर आणा आणि खत सुरू करा. खत म्हणजे पंधरा दिवसांतून एकदा व्हर्मीवॉश (गांडूळखतातून झिरपलेलं पाणी), चहाच्या रंगाइतकं पातळ, किंवा नत्र, स्फुरद, पालाश सारख्या प्रमाणात असलेलं, पाण्यात विरघळणारं १९:१९:१९ खत लिटरला अर्धा ग्रॅम. शेणाची स्लरी नको, तिच्याने पानं फोफावतात आणि बुरशी येते.

एप्रिल-मेमध्ये पारा चाळिशीकडे जातो आणि हवा कोरडी असते. पाच-सहा दिवसांत पान मऊ पडू शकतं. पाणी सकाळीच घाला, दुपारी तापलेल्या मातीत नाही. या दिवसांत वाढ थोडी मंदावली तरी काळजी करू नका.

मृग लागला की सगळ्यात महत्त्वाचं काम: कुंडी पावसाच्या आडोशाला घ्या. इगतपुरी-त्र्यंबकच्या मानाने शहरात पाऊस पुष्कळ कमी पडतो, पण रिपरिप आणि ढग आठवडेच्या आठवडे राहतात. एखाद-दुसरी सर अंगावर घेतली तर उलट चांगलं, पानांवरची धूळ धुऊन जाते. झडीत मात्र नाही. जुलै-ऑगस्टमध्ये दोन ते तीन आठवडे पाणी लागत नाही. पानाची परीक्षा होऊनही मन शंकित असेल तर काठी मातीत खुपसून बघा, ओली निघाली तर आणखी पाच दिवस थांबा. खत बंद. खिडकी बंद खोलीत ठेवण्यापेक्षा वारा लागेल अशी जागा द्या, दिवसातून थोडा वेळ पंखा चालला तरी फरक पडतो.

सप्टेंबरच्या उत्तरार्धापासून ऑक्टोबर हीट ओसरेपर्यंत हिचा सर्वांत सुंदर काळ. ऊन परत येतं, रात्री गार असतात, पानं जाड होतात. छाटणी, नवी रोपं, कुंडी बदलणं, सगळं आता करून घ्या. द्राक्षबागांची ऑक्टोबर छाटणी चालू असते त्याच दिवसांत.

थंडीत निफाडचा पारा बातमीत येतो तेव्हा शहरातही पहाटे दहाच्या खाली उतरलेला असतो. अशा रात्री ग्रिलमधली कुंडी आत घ्या. दिवसा दक्षिणेचं ऊन द्या. पाणी तीन आठवड्यांनी, तेही दुपारच्या आधी आणि कोमट नसलं तरी बर्फगार नको. पानं जांभळी पडतात, ती थंडीची खूण आहे, रोग नाही.

फुलं आणि अंजनेरीचं नातं

फुलाकडे दुर्लक्ष करू नका, भिंग घेऊन बघण्यासारखं आहे. इंचभर लांब, खाली फुगीर, वर निमुळती नळी, रंग फिकट गुलाबी. टोकाला पाच गडद पाकळ्या वर एकत्र येऊन पिंजऱ्यासारखं छत करतात आणि त्यांच्या कडेला बारीक काळे केस असतात. चिलटासारखी बारीक माशी नळीत उतरते. आतले केस खालच्या दिशेला वळलेले असल्याने तिला वर येता येत नाही. ती तळाशी धडपडते, परागांचे पुंजके अंगाला चिकटतात, आणि फूल कोमेजायला लागलं, केस सैल पडले की ती सुटते. परागीभवन झालंच तर शिंगांसारख्या दोन शेंगा येतात आणि आतून रुईसारखी रेशमी म्हातारी उडते. रुईच्याच कुळातली ही वनस्पती.

याच प्रजातीतली आपली कंदीलपुष्पं सह्याद्रीच्या पठारांवर पावसाळ्यात उगवतात. त्यातलं एक, सेरोपेजिया अंजनेरिका, आपल्या अंजनेरीवरून प्रथम नोंदवलं गेलं. त्र्यंबक रस्त्यावरच्या त्या डोंगरावर कधी श्रावण-भाद्रपदात गेलात आणि गवतात कंदिलाच्या आकाराचं फूल दिसलं तर फोटो काढा, कंद उकरू नका. ते डोंगरावर मोजकंच उरलं आहे. कुंडीची हौस भागवायला नर्सरीतली आफ्रिकन वेल आहेच.

दाट करणं आणि नवी रोपं

टकला माथा भरून काढायचा सोपा उपाय: दोन-तीन लांब लडी उचलून मातीवर वेटोळ्याने पसरा आणि केसांच्या यू पिनने जागोजागी अडकवा. प्रत्येक पेर मातीला टेकलं पाहिजे. दर पेरावर, पानांच्या बगलेत, वेल स्वतःहून मण्याएवढे कंद तयार करते. ओलसर मातीला टेकलेला असा मणी तीन-चार आठवड्यांत मुळं सोडतो आणि तिथून नवी लड फुटते. या काळात वरची माती बाटलीच्या फवाऱ्याने दोन दिवसांआड ओलसर ठेवा. वारंवार पाणी न घालण्याचा नियम इथेच तेवढा शिथिल करायचा, तोही फेब्रुवारी-मार्च किंवा ऑक्टोबरमध्येच.

वेगळं रोप करायचं असेल तर लडीचा सहा-सात पेरांचा तुकडा कापा, खालच्या दोन पेरांची पानं काढा आणि उघडी पेरं पाण्यात बुडतील असा छोट्या बाटलीत ठेवा. पाणी चार दिवसांनी बदला. मुळं इंचभर झाली की लावा, जास्त लांब वाढू देऊ नका, पाण्यातली मुळं मातीत लवकर मोडतात. माझ्या मते पाण्यापेक्षा मण्याची पद्धत भरवशाची, कारण मण्याकडे स्वतःची शिदोरी असते. मणी लडीसकट ठेवून बाजूच्या छोट्या कुंडीवर टेकवा आणि मुळं धरल्यावरच लड कापा.

गुलाबी किनारीच्या जातीला उजेड जास्त आणि धीर जास्त लागतो. तिच्यात एखादी लड पूर्ण हिरवी निघाली तर बुडाशी कापून टाका, नाहीतर जोमाने वाढून बाकीच्यांना मागे टाकते.

कीड

द्राक्षवाल्या घरांत मिलीबगची ओळख करून द्यायला नको. इथेही तोच कापूस, पेरावर आणि कंदाच्या खाचेत. कानातल्या काडीला सर्जिकल स्पिरिट लावून एकेक ठिपका पुसा, आठवड्याने पुन्हा, असं तीनदा. जास्त पसरला असेल तर लिटर पाण्यात पाच मिली कडुनिंब तेल आणि थेंबभर भांड्यांचा लिक्विड साबण नीट घुसळून संध्याकाळी फवारा. आधी एका लडीवर करून दोन दिवस बघा. पाणी व्यवस्थित असूनही वेल मरगळलेली असेल तर गड्डा काढून मुळं तपासा, मिलीबग मातीतही राहतो.

दुसरा पाहुणा म्हणजे पिवळाधमक मावा, रुईच्या शेंड्यांवर दिसतो तोच. तो कळ्यांवर आणि कोवळ्या टोकांवर बसतो. नळाखाली बोटांनी चोळून धुतला तरी जातो. कुंडीवर मुंग्यांची रांग दिसली तर माव्याचा शोध घ्या, मुंग्या त्याच्या गोड चिकट पाण्यासाठी येतात.

सडायला लागली तर

पहिली खूण म्हणजे बुडाजवळची पानं पिवळी, पारदर्शक आणि पाणचट होतात. तहानेचं पान सुरकुततं, सडीचं पान फुगून मऊ पडतं. हा फरक ओळखला नाही तर माणूस नेमकं त्याच दिवशी पाणी घालतो. लगेच कुंडी उपडी करा. काळी, चिवट न राहिलेली मुळं कापा. मऊ कंद टाकून द्या. अर्धवट सडलेला असेल तर स्वच्छ पांढरा भाग लागेपर्यंत धारदार सुरीने कापा आणि कापलेल्या जागी दालचिनीची पूड किंवा घरात असेल ते बुरशीनाशक लावा. चांगल्या लडी वेगळ्या काढून लगेच रोपं करायला घ्या, तो विमा आहे. वाचलेले कंद सावलीत कागदावर तीन दिवस सुकवा आणि फक्त धुतलेल्या, किंचित ओल्या कचीवर टेकवून ठेवा. महिनाभर, कधी त्याहूनही जास्त, काहीच घडत नाही. आठवड्याला एकदा कंद दाबून बघा, घट्ट आहे तोवर थांबा. कोंब दोन इंचांचा झाला की नेहमीच्या मिश्रणात लावा, चार दिवसांनी पहिलं भरपूर पाणी द्या आणि कुंडी पूर्वेच्या खिडकीत न्या.